नाकाचा रकाना

माझ्या नाकात विशेष काही नाही. ते वडिलांकडून आलंय, म्हणजे जरा मोठंच आहे, आणि थंडीत हमखास चोंदतं. तरीही दौंडात एक गृहस्थ असे आहेत की मला फोन केला की आधी माझ्या नाकाची चौकशी करतात. "सर्दी-बिर्दी न्हाई ना? जपा त्याला." मग वेळ उरलाच तर माझी. हा मान मला कसा मिळाला आणि मी त्याची काय वाट लावली, हे मी आजवर कुणाला धड सांगितलेलं नाही. त्यात सांगण्यासारखं काही नाही, म्हणूनच सांगितलेलं नाही.

आप्पा माझे घरमालक. मी दोन वर्षं त्यांच्या वरच्या खोलीत राहिले. भांडगावच्या बाजूला पुठ्ठ्याची खोकी बनवणारा एक कारखाना आहे, तिथं मी क्वालिटी डिपार्टमेंटला होते. ऐकायला हे बरं वाटतं. प्रत्यक्षात मी दिवसभर खोक्यांवर वजन ठेवून ती कधी दबतात ते बघत असे, आणि फॉर्म भरून साहेबांच्या सहीसाठी जागा सोडत असे. खोली बघायला गेले तेव्हा आप्पांनी विचारलं, "कंपनीत काय बघता?"

"क्वालिटी."

"म्हंजी चांगलं काय आन् वाईट काय, ते तुमी ठरवता?"

खरं म्हणजे मी म्हणायला हवं होतं, नाही हो, मी फक्त खोकी दाबते. पण मला कुणी असं कधी विचारलंच नव्हतं. मी शक्य तितक्या नम्रपणे "हो" म्हणाले. आप्पांनी पायरीवर बसलेल्या काकूंकडे विजयी नजरेनं बघितलं आणि डिपॉझिटचं नावही न काढता किल्ली माझ्या हातात दिली. काकू कपाळाला हात लावून आत गेल्या. मला वाटलं, त्यांना मी आवडले नाही.

आप्पांना वास येत नव्हता. अजिबात नाही. त्यांच्या वडिलांची मेंढरं होती, वर्षातले आठ महिने मेंढरांमागं चालणारं घर. नंतर मेंढरं विकली, नदीपलीकडं शिरूर तालुक्यातल्या गावात थोडी जमीन धरून भाऊ स्थिरावले आणि आप्पा दौंडाला येऊन एका मंगल कार्यालयात कामाला लागले. काम एकच, बाथरूम-संडास साफ ठेवणं. ते त्यांनी तीस वर्षं केलं. लग्नाच्या हंगामात दिवसाला दोन-दोन मुहूर्त. सकाळचं वऱ्हाड जेवून निघतंय तोवर संध्याकाळचं दारात. मधल्या तासाभरात वधूपक्ष आणि वरपक्ष, दोन्हीकडचं सगळं लखलखीत हवं, आणि वास बाहेर येता कामा नये. म्हणून आप्पा आतून कडी लावून ॲसिड ओतायचे आणि घासायचे. नाक नेमकं कधी गेलं ते त्यांनाही कळलं नाही. एकदा काकू गॅसवर दूध ठेवून शेजारी गेल्या. आप्पा स्वयंपाकघरातच पेपर वाचत होते. काकू परत आल्या तर घरभर धूर, पातेलं काळंठिक्कर, आणि आप्पा पान उलटतायत.

"डोळं फुटलं का तुमचं?" काकू ओरडल्या.

"डोळं पेपरात व्हतं."

"आन् नाक?"

यावर आप्पांनी पेपर खाली ठेवला आणि, काकूंच्या म्हणण्यानुसार, संध्याकाळपर्यंत घरातला एकेक डबा उघडून नाकाला लावत बसले.

नोकरी सुटल्यावर लोक देवाला लागतात. आप्पा मोरीला लागले. ॲसिड घरात येऊ द्यायचं नाही आणि तरी फरशी लखलखीत ठेवायची, या एका गोष्टीपायी त्यांनी मागचं अख्खं पडवीघर व्यापलं होतं. रिठे, चिंच, चुलीची राख, शिळं ताक, आणि स्टेशनाबाहेरच्या रसवाल्यांकडून पोत्यानं आणलेल्या मोसंबी-लिंबाच्या साली. "मेंढरं धुवायला कुणी ॲसिड आणलं व्हतं का?" ते विचारायचे. "रिठं व्हतं, आन् भीमेचं पाणी व्हतं. लोकर कशी फुलायची!"

"मेंढरू आन् संडास येकच हाय का?" काकू आतून विचारायच्या. गेली कित्येक वर्षं हा प्रश्न अनुत्तरित होता.

मंगल कार्यालय आप्पांच्या अंगातून गेलेलं नव्हतं. माझ्या वरच्या बाथरूमला ते 'वरपक्ष' म्हणत आणि खालच्याला 'वधूपक्ष'. गुरुवारी आमच्या एमआयडीसीला सुट्टी. गुरुवारी सकाळी आठला दारावर थाप पडायची, "मॅडम, वरपक्ष मोकळा करा!" मग ते बादली, कुंचा आणि आपलं पिवळसर पाणी घेऊन आत शिरत आणि मंगलाष्टका म्हणायला लागत. सगळ्या मंगलाष्टका म्हणून होईपर्यंत एक बाथरूम घासून झालंच पाहिजे, हे त्यांनी तीस वर्षांत बसवलेलं माप होतं. शेवटच्या 'सावधान'ला शेवटचा तांब्या फरशीवर. त्या वर्षी माझं वय बत्तीस होतं आणि घरचे माझ्यासाठी स्थळं बघून थकले होते. आईचा फोन नेमका गुरुवारी सकाळी यायचा. "कुणाचं लग्न आहे गं?" तिनं एकदा आशेनं विचारलं. "बाथरूममध्ये चाललंय," मी म्हणाले. तिनं फोन ठेवला.

आणखी एक. घरातल्या प्रत्येक बाथरूमच्या दाराची वरची आणि खालची वीतभर फळी आप्पांनी करवतीनं कापून टाकली होती. "वारं फिराया पायजे." वारं फिरायचंच. आत माणूस गाणं म्हणत असेल तर तेही फिरायचं. मी दोन वर्षं मुक्यानं आंघोळ केली.

तर, मुख्य काम म्हणजे सालींचं पाणी. साली, गूळ आणि पाणी, आचाऱ्यांकडून आणलेल्या लोणच्याच्या मोठ्या प्लास्टिकच्या डब्यांत भरून ठेवायचं, रोज सकाळी झाकण सैल करून आतला वायू सोडायचा. ते पाणी मुरायला तीन महिने लागतात. आप्पांना तेवढा धीर नव्हता. त्यांनी दह्याची युक्ती लावली. झालेल्या डब्यातलं पातेलंभर पाणी पुढच्या डब्यात विरजण म्हणून घालायचं. तीन-चार आठवड्यांत काम फत्ते. म्हणजे प्रत्येक डबा आधीच्या डब्याचा मुलगा. ही गोष्ट त्यांनी मला पहिल्याच दिवशी सांगितली होती आणि मी मान डोलावली होती.

प्रत्येक डब्यावर नंबर, आणि प्रत्येक नंबराची नोंद एका लांबलचक वहीत. वहीत तीन रकाने. हात, फरशी आणि नाक. हाताचा रकाना आप्पा स्वतः भरत. पाणी मनगटाच्या आतल्या बाजूला चोळायचं आणि तासभर बसून राहायचं. जे हाताला चावतं ते त्यांना नको होतं. फरशीचा रकाना वरपक्षाच्या फरशीवरून, म्हणजे माझ्या. बोअरच्या पाण्यानं दौंडात फरशीवर पांढरा थर धरतो, तो किती सुटला ते बघायचं. नाकाचा रकाना मात्र कोरा होता. काकूंचं नाक त्यांनी बाद केलं होतं. "हिला सगळ्यालाच घाण येती. लगीन झाल्यापासून येती." सरसकट नापास करणाऱ्या मास्तरचा काय उपयोग, असं त्यांचं म्हणणं. त्यांना पक्षपात न करणारं, शिकलेलं नाक हवं होतं. आणि आता ते महिना भाडं देऊन वर राहत होतं.

शिकलेलं नाक मिळालं म्हणून आप्पांनी नंबर पुन्हा एकपासून धरले. पहिला डबा आला तेव्हा त्यांनी धुतलेल्या वाटीत दोन चमचे पाणी आणलं, वर स्वच्छ फडकं. मी वास घेतला. मोसंबीचा, किंचित गुळचट, खरंच छान होता. तसं म्हणाले. आप्पांनी वही पुढं केली. "सही करा." मी सही केली, खाली तारीख टाकली. कंपनीत माझ्या सहीला कुणी विचारत नव्हतं. इथं माझ्या सहीच्या वर कुणीच नव्हतं. मला ते आवडलं, हे आताच सांगून टाकते.

दुसऱ्या डब्याला आंबूस वास होता. मी तेही प्रामाणिकपणे सांगितलं. आप्पा "बरं" म्हणाले आणि जिना उतरून गेले. दुसऱ्या दिवशी काकू वर आल्या. "पोरी, काय बोललीस त्यांना? काल दुपारपास्नं जेवलं न्हाईत."

"काकू, तुम्ही तर रोज म्हणता घाण येते म्हणून!"

"माझं बोलणं त्यांना लागत न्हाई. तुझं लागतं."

हे ऐकून मला वाईट वाटायला हवं होतं. मला जरा भारी वाटलं. मग वाईट वाटलं. आणि मी मनाशी ठरवलं की पुढच्या खेपेला म्हाताऱ्या माणसाला दुखवायचं नाही. माझ्या हातून आजवर जी काही वाईट कामं झालीत, ती अशीच चांगल्या मनानं झालीत.

तिसऱ्या डब्यात आप्पांनी गुळाऐवजी गुऱ्हाळावरची मळी घातली. उसाचा रस उकळताना वर जो काळपट फेस येतो तो काढून टाकतात, तीच. "टाकूनच देत्यात, आपल्या कामाला यील," असं म्हणत त्यांनी केडगावाकडच्या कुठल्याशा गुऱ्हाळावरून ती बादलीभर आणली होती. चार आठवड्यांनी वाटी आली. मी फडकं उचललं आणि माझ्या डोळ्यांत पाणी आलं. गटाराच्या झाकणाखाली काहीतरी मरून पडलं असावं असा वास. आप्पा समोर उभे, हातात वही, टोपण काढलेलं पेन.

"चालेल," मी म्हणाले.

"नुसतं चालंल का चांगलं?"

"चांगलं," मी म्हणाले आणि सही केली.

आप्पा खूश. मळी जमली! मग चौथ्यात थोडी जास्त मळी, विरजण तिसऱ्याचं. पाचव्यात कडुलिंब, विरजण चौथ्याचं. वाटी येत राहिली, मी श्वास रोखून वाकत राहिले आणि सही करत राहिले. कधी 'उत्तम', कधी 'मागच्यापेक्षा सौम्य'. बाराही महिने सगळ्यांना नापास करणाऱ्या काकूंच्या जागी आप्पांना सगळ्यांना पास करणारी परीक्षक मिळाली होती, एवढाच काय तो फरक.

या पापाचं फळ मला दर गुरुवारी घरपोच मिळत होतं. मंगलाष्टका संपल्या की बाथरूममध्ये पाऊल ठेववत नसे. मी नाकाला कापराचा रुमाल बांधून आंघोळ करत असे. दोन आठवडे सोसलं. मग एका बुधवारी बाजारातून निळ्या रंगाच्या क्लीनरची बाटली आणली आणि ती कपाटात साड्यांच्या घडीखाली लपवली. माणसं लपवून दारू आणतात. मी संडास धुवायचं औषध आणलं. दर गुरुवारी रात्री गुपचूप सगळं घासायचे, वरच्या फटीतून वास निघून जाईल म्हणून वाट बघायचे. तसं खाली कुणाला कळण्याची भीती नव्हती. काकूंच्या नाकावर कुणाचा विश्वास नव्हता आणि आप्पांना नाकच नव्हतं.

पुढच्या गुरुवारी आप्पा आले की फरशी लखलखीत. "मॅडम, बघा! क्षार पार गेला! सहा नंबर म्हंजी सोनं हाय!" आणि फरशीच्या रकान्यात मोठ्या अक्षरांत 'एकदम साफ'. असे माझे दोन रकाने झाले. एक मी सहीनं बिघडवला, दुसरा बिनसहीचा.

एकदा आप्पा गावाहून परत आले ते डब्यांकडं गेलेच नाहीत. भावाकडं गेले होते, तिथं शाळेवरून जाताना मुलींच्या संडासातून खोकल्याचा आवाज ऐकला म्हणून दार ढकलून आत डोकावले. शाळेत साफसफाई करणाऱ्या एक मावशी आहेत. पदर कमरेला खोचून, दार लावून घेऊन, उघड्या हातानं ॲसिड ओतून घासत होत्या. दार का लावलं म्हणून आप्पांनी विचारलं तर म्हणाल्या, "पोरींच्या डोळ्यात जातं ना धूर."

"माझंच सोंग दिसलं मला तिथं," आप्पा पायरीवर बसून म्हणाले. त्यांचा आवाज मी तसा कधी ऐकला नव्हता. "तीस वरीस मला कुणी म्हणलं न्हाई, की दार उघड. तिचं नाक तरी राहाया पायजे."

ते शाळेच्या मोठ्या बाईंना भेटले. ॲसिड बंद करा, माझं पाणी वापरा, मी आणून देतो, फुकट. मोठ्या बाई शहाण्या होत्या. त्या म्हणाल्या, आप्पा, मुलींना संडास स्वच्छ लागतो. वास आला की त्या जात नाहीत, दिवसभर पाणी पीत नाहीत आणि मग वर्गात चक्कर येऊन पडतात. म्हणून ॲसिड. तुमचं पाणी आठ दिवस वापरून बघू. मुली नाक मुरडायला लागल्या तर मी दुसऱ्या दिवशी ॲसिड मागवणार. आठ दिवस, आणि संधी एकदाच.

नववा डबा त्यासाठी निवडला गेला. त्या दिवशी आप्पांनी वाटी आणली नाही, घरातलं चांगलं चांदीचं भांडं आणलं. वर आले आणि नेहमीसारखे उभे न राहता खुर्चीवर बसले. "आज नीट घ्या वास. घाई करू नका. पोरींचं काम हाय, आन् त्या बाईचं."

मी वास घेतला. नऊ नंबरात तिसऱ्यापासूनच्या सगळ्या पिढ्या एकत्र नांदत होत्या. बोल, मी स्वतःला म्हणाले, आता बोल. पण नववा घाण आहे म्हटलं की आठवा उत्तम कसा होता? आणि सातवा? आणि साड्यांच्या घडीखाली काय आहे? मला सगळंच सांगावं लागलं असतं. शिवाय आप्पांनी आधीच पेनचं टोपण काढलं होतं. मी सही केली. कंपनीत मी तेवढ्या काळात दोनशे खोकी नापास केली होती, हेही इथं नोंदवून ठेवते.

पुढच्या गुरुवारी आप्पा मला म्हणाले, चला, शाळा दाखवतो. ठरलेल्या आठांतला चौथा दिवस होता. मी त्यांच्या स्कूटरवर मागं बसले, मांडीवर नऊ नंबरचा दुसरा डबा. झाकण सैल केलेलं होतं, कारण वायू. पूल ओलांडेपर्यंत रस्त्यावरच्या दोन मोटरसायकलवाल्यांनी मागं वळून बघितलं. आप्पा वाऱ्यावर ओरडून सांगत होते, "एकदा ही शाळा झाली की तालुक्यात बाकीच्या शाळा आपोआप येत्यात बघा!" मी डबा घट्ट धरला.

मोठ्या बाई फाटकातच भेटल्या, पदर नाकाला. मागं मैदानाच्या कडेला मुलींचा घोळका होता, आणि संडासाकडं जाणारी वाट मोकळी होती. "आप्पा, काय आणलंत हो हे? परवापासून एक मुलगी तिकडं फिरकलेली नाही. आज दोघींना मी घरी पाठवलं."

आप्पा गोंधळले. "का? काय झालं?"

"वास! उभं राहवत नाही. आणि डाग तर तसेच आहेत सगळे."

"वास न्हाई यायचा," आप्पा ठामपणे म्हणाले आणि त्यांनी पिशवीतून वही काढली. उघडून मोठ्या बाईंच्या पुढं धरली. "मॅडमनी बघितलाय. ही बघा सही. आन् फरशीचं बघा, एकदम साफ. कंपनीत क्वालिटीला हायेत त्या."

मोठ्या बाईंनी वही बघितली, मग मला बघितलं. माझ्या मांडीवरचा डबा आता माझ्या कमरेवर होता. मुली हळूहळू जवळ येऊन ऐकत होत्या. मला पळून जावंसं वाटलं, पण स्कूटरची किल्ली आप्पांकडं होती.

"आप्पा, वास येत होता," मी म्हणाले.

"आँ?"

"घाण येत होती. मी खोटं सांगितलं."

आप्पा चिडतील असं मला वाटलं होतं. चिडले असते तर बरं झालं असतं. त्यांनी वहीचं पान उलटलं, मग आणखी एक उलटलं, आणि विचारलं, "कितव्या डब्यापास्नं?"

"तिसऱ्या."

ते मनाशी मोजत होते, मला दिसत होतं. तिसऱ्याचं विरजण चौथ्याला, चौथ्याचं पाचव्याला. सहा-सात महिन्यांचं काम. "आन् फरशी?"

मी निळ्या बाटलीचंही सांगितलं. इतक्या मुलींसमोर साड्यांच्या घडीचा उल्लेख करायची गरज नव्हती, पण एकदा तोंड उघडल्यावर माझं सगळंच बाहेर पडलं. एक मुलगी फिसकन हसली. आप्पा शाळेच्या पायरीवर बसले, वही मांडीवर ठेवली आणि तिसऱ्या डब्यापासून खालपर्यंत एक उभी रेघ मारली. रेघ सरळ आली नाही. मला त्या क्षणी स्वतःची इतकी लाज वाटली की मी नजर वर केली नाही. "मी तुम्हाला दुखवायचं नाही म्हणून..." मी म्हणायला लागले, पण ते वाक्य माझ्याच कानाला इतकं भिकार वाटलं की मी ते तिथंच सोडलं.

"दोनाचं इरजण ठिवलंय का म्या कुठं," आप्पा स्वतःशीच पुटपुटत होते.

मोठ्या बाईंनी सुस्कारा टाकला. "वाईट वाटतं आप्पा, पण मुलींना मी किती दिवस थांबवू? दुकानदाराला फोन करते, दुपारी ॲसिड येईल." त्यांनी पर्समधून फोन काढला. तेवढ्यात मावशी बादली घेऊन संडासाकडून येताना दिसल्या. पन्नाशीच्या, बारीक, हातांना जुने डाग. मोठ्या बाई त्यांच्यावर घसरल्या. "मावशी, तुम्ही तरी पहिल्याच दिवशी सांगायचं होतं! तुम्ही रोज आत वाकून घासता. एवढी घाण येते, आणि तुम्ही एका शब्दानं बोलला नाहीत?"

मावशी भांबावल्या. "घाण? कशाची बाई?"

"ह्या पाण्याची!"

"मला कुठं आली? मला वाटलं, लई ब्येस हाय. हात जळंना, खोकला येईना." बादली कोपराला अडकवून त्यांनी आपले तळहात पुढं करून दाखवले, चांगलं काम दाखवावं तसे.

आप्पांनी मान वर केली. ते उठले, माझ्या हातातला डबा घेतला, झाकण पूर्ण काढलं. मोठ्या बाई दोन पावलं मागं सरकल्या, मुली पाच. आप्पांनी डबा मावशींच्या तोंडापाशी नेला. "घ्या वास."

मावशींनी वाकून मोठा श्वास घेतला. "पाण्यागत हाय."

"फोडणीचा येतो का तुमाला? घरी?"

"न्हाई. आता फोडणीला कुठं वास राह्यलाय पैल्यासारखा."

"कवापास्नं?" आप्पांचा आवाज एकदम खाली गेला होता.

"तसं ध्यान न्हाई आप्पा." त्या जरा हसल्या, चूक पकडली गेल्यासारख्या. "थोरल्या लेकीचं पोरगं झालं, तवा त्याची टाळू हुंगली की यायचा वास. दुधाचा, तेलाचा, सगळा. औंदा धाकटीला झालं. त्याला न्हाई आला. मला वाटलं, ह्या पोराला वासच न्हाई."

मोठ्या बाईंच्या हातातला फोन तसाच होता. मग त्यांनी तो पर्समध्ये टाकला आणि पर्सची चेन लावली. "सध्या सोडा आणि गरम पाणी वापरू," त्या म्हणाल्या. "दार उघडं ठेवून. मी उभी राहीन बाहेर."

आप्पांनी डबा माझ्यापुढं धरला. वही नव्हती, पेन नव्हतं. "मॅडम, आता सांगा. कसा हाय वास? ह्यांना कळंल असा सांगा."

मी वास घेतला. या वेळी श्वास रोखला नाही. "कुजका आहे, मावशी. गटारात मळी साचून आठ दिवस झाले की येतो तसा. घशाला बसतो. उलटी यावी असा आहे."

"लई हाय?" मावशींनी विचारलं.

"लई," मी म्हणाले.

मावशींनी एकदा डब्याकडं बघितलं, एकदा माझ्याकडं. मग बादली खाली ठेवली, हात लुगड्याला पुसले, आणि पदराचं टोक घेऊन नाकाला लावलं.